बावडीतला सूर्य आणि खांद्यावरची सूर्यफुले

गजानन माधव मुक्तिबोध (1917–1964) यांच्या हिंदी काव्याचा विचार मराठी समीक्षेने बहुधा ‘शरच्चंद्र मुक्तिबोधांचे बंधू’ या नात्यानेच केला. रायपूरपासून सुमारे सत्तर किलोमीटरवरील राजनांदगाव येथे, दिग्विजय महाविद्यालयात अध्यापन करीत, त्यांनी 1958 पासूनची अखेरची वर्षे काढली. ‘कामायनी’सारख्या महाकाव्यालाही एक विशाल फँटसी मानून 1961 साली तिचा पुनर्विचार करणारा हा समीक्षक स्वतःच्या कवितेत जी अद्भुत सृष्टी उभी करतो, तिच्यातील सूर्याचे स्थान प्रस्तुत लेखात तपासावयाचे आहे.

मुक्तिबोधांची फँटसी म्हणजे स्वप्नरंजन नव्हे. ‘एक साहित्यिक की डायरी’त त्यांनी कलेचे तीन क्षण कल्पिले आहेत. पहिला उत्कट अनुभवाचा. दुसरा, तो अनुभव आपल्या दुखऱ्या मुळांपासून सुटून फँटसीचे रूप घेतो तो. आणि तिसरा ती फँटसी शब्दबद्ध होण्याचा. म्हणजे अद्भुत हे वास्तवापासून पळण्याचे साधन नसून वास्तवाला आकार येण्याची अट आहे. अद्भुतकथेतील जादूची वस्तू नायकाला संकटातून सोडविते. मुक्तिबोधांची तशी वस्तू नायकाला संकटात लोटते, हा भेद येथे निर्णायक ठरतो.

या सृष्टीत प्रकाश सहसा खालून येतो. तो गुहांतून येतो, मशालींतून येतो, किरणोत्सारी रत्नांतून येतो. आकाशातला सूर्य क्वचितच कामाला येतो, आणि जेव्हा येतो तेव्हा फसगत घडवितो. ‘ब्रह्मराक्षस’ या कवितेत पडक्या बावडीच्या तळाशी एक विद्वान पिशाच अंगावरचा मळ अखंड घासत बसलेले आहे. तिरपा सूर्यकिरण भिंतीवरून घसरत तळापर्यंत पोहोचला की त्याला वाटते, सूर्याने वाकून आपल्याला नमस्कार केला; चंद्रप्रकाश आला की वाटते, ज्ञानगुरू म्हणून आपले पूजन झाले. येथे प्रकाश खरा आहे, खोटा आहे तो त्याचा अर्थ. ज्ञानाच्या अहंकाराचे इतके सौम्य आणि इतके निर्दय चित्र मराठी नवकवितेत मला आढळलेले नाही.

‘अँधेरे में’ ही दीर्घ कविता कवीच्या मृत्यूनंतर, नोव्हेंबर 1964 च्या ‘कल्पना’त प्रसिद्ध झाली. तीत रात्रीच्या शहरात टिळकांच्या पाषाणमूर्तीच्या नाकातून रक्त वाहते आणि पुढे गांधी भेटतात. गांधी आपल्याजवळचे मूल निवेदकाच्या स्वाधीन करून त्याला सांभाळायला सांगतात. मूल रडते, निवेदक त्याला थोपटतो. काही वेळाने ध्यानात येते, की खांद्यावर मूल नाही, प्रकाश पसरविणारे सूर्यफुलांचे गुच्छ आहेत. आणखी काही पावलांवर फुलेही नाहीत. तेथे वजनदार रायफल आहे. बावडीत सूर्य वंदन करतो, येथे सूर्य ओझे होऊन खांद्यावर बसतो. नामवर सिंह यांनी ‘कविता के नए प्रतिमान’ (1968) मध्ये या कवितेत अस्मितेचा शोध पाहिला. तो अन्वयार्थ प्रभावी असला तरी या प्रसंगाला पुरा पडत नाही, असे वाटते. निवेदकाला येथे स्वतःचा शोध लागत नाही. त्याच्यावर दुसऱ्याची ठेव येऊन पडते, आणि ती ठेव त्याच्या संमतीविना रूप पालटते. अहिंसेच्या हातून आलेले मूल शस्त्र होते, या रूपांतराचे समर्थनही कवी करीत नाही आणि निषेधही.

येथे नामदेव ढसाळांच्या ‘गोलपिठा’ (1972) या संग्रहातील एका कवितेचे स्मरण अपरिहार्य होते. तीतही सूर्यफुले दान म्हणून येतात. ती हाती ठेवणारा एक फकीर आहे आणि वाचक त्याच्या ठिकाणी आंबेडकरांना ओळखतो. प्रभावाचा दावा येथे करावयाचा नाही. दोन कवितांची रचना मात्र परस्परांना उलट छेदते. ढसाळांच्या कवितेत अंधार वाहून वाहून बाप वाकला आहे आणि त्याच्या पाठीवरचे ओझे उतरविण्याची निकड आहे. मुक्तिबोधांच्या मध्यमवर्गीय ‘मी’ने आजवर काहीच वाहिलेले नाही, म्हणून त्याच्या खांद्यावर ओझे चढते. एकीकडे सूर्यफूल हा हक्क आहे, दुसरीकडे ते कर्ज आहे. शरच्चंद्र मुक्तिबोधांनी ‘सृष्टी, सौंदर्य आणि साहित्यमूल्य’ (1978) या ग्रंथात साहित्यमूल्याचा निकष म्हणून मांडलेली ‘मानुषता’ या दोन्ही कवितांना लावता येईल; परंतु ती एकच मानुषता ठरेल का, याविषयी शंका घेण्यास जागा आहे. ओझे कोणाच्या पाठीवर होते, हे त्या निकषाला आधी विचारावे लागेल.

शब्दांचाही एक भेद नोंदवावा. हिंदीतील ‘सूरजमुखी’ या नावातच मुख आहे, सूर्याकडे वळलेले. मराठी ‘सूर्यफूल’ केवळ सूर्याचे फूल. वळण्याची क्रिया त्यात नाही. त्यामुळे ढसाळांना सूर्याकडे तोंड फिरविण्याची गोष्ट स्वतंत्रपणे उच्चारावी लागते आणि ती आज्ञेसारखी ऐकू येते. मुक्तिबोधांच्या निवेदकाला तशी आज्ञा कोणी देत नाही. फुलांची मुखे त्याच्या कानाशी आहेत आणि ती कोणत्या दिशेला वळली आहेत, हे भर मध्यरात्री त्याला दिसणे शक्य नाही. मराठी अनुवादात ‘सूर्यफूल’ हा शब्द येताच ही अनिश्चितता हरवते.