चेहऱ्यांवरून सरकणारा कॅमेरा

शेवट आधीच सांगून टाकणारा कथाकार मला नेहमीच धीट वाटतो. पॅत्रिसियो गुस्मान यांच्या ‘चिलीची लढाई’ या तीन भागांच्या अनुबोधपटाचा आरंभच विमानांच्या आणि स्फोटांच्या आवाजाने होतो. ११ सप्टेंबर १९७३ रोजी सांतियागो शहरातल्या ला मोनेदा या राष्ट्राध्यक्षांच्या वाड्यावर चिलीच्याच हवाई दलाने हल्ला चढविला. मतपेटीतून समाजवादी क्रांती आणू पाहणारे साल्वादोर आयेंदे त्याच दिवशी तेथे मरण पावले आणि सत्ता लष्कराच्या हाती गेली. हे दाखवून दिग्दर्शक आपल्याला सहा महिने मागे, मार्चच्या निवडणुकीत नेतो. मग पुढे काय होणार, ही उत्सुकता संपते. हे कोणाकोणाला आधीच दिसत होते, याचा शोध सुरू होतो.

दुसऱ्या भागातले एक दृश्य तर मनातून जात नाही. जुलैमध्ये आयेंदे यांच्या पदरी असलेल्या कॅप्टन आराया या आरमारी अधिकाऱ्याचा खून झाला. त्याच्या अंत्ययात्रेला लष्करी अधिकारी जमले आहेत आणि होर्हे म्युलर यांचा कॅमेरा त्यांच्या चेहऱ्यांवरून हलकेच सरकतो आहे. वर्गात चोरी झाली की आम्ही मास्तर मंडळीही असेच रांगेने चेहरे न्याहाळतो. पण आम्हाला चोर हवा असतो. म्युलर कोणावर बोट ठेवीत नाहीत, नुसते पाहतात. अंगावर काटा येतो तो त्यामुळे.

निवेदक मात्र फार ठाम बोलतो. तो कोणाच्या बाजूचा आहे हे चित्रांतून कळतेच. मग इतके बजावून कशाला सांगावे?

तिसरा भाग १९७९ साली आला आणि तो पुन्हा मागे, १९७२ मध्ये जातो. ट्रकमालकांनी संप पुकारला आहे, कामगार मिळेल त्या वाहनाला लोंबकळत कारखाना गाठताहेत, वस्त्यांतून अन्नधान्याची वाटणी चालली आहे. राजवाडा कोसळल्यावर हे कशाला, असे कोणी विचारील. माझ्या मते हा भाग शेवटी आहे हेच योग्य. घरातले माणूस गेल्यावर आपण त्याचे आजारपण किती दिवस आठवीत बसतो? त्याची धावपळ, त्याचे हसणेच आठवते. सणासुदीला घरच्या मंडळींनी हा एक भाग तरी एकत्र पाहावा.

कोरी फीतसुद्धा फ्रान्सहून क्रिस मार्कर यांनी पाठविली होती. चित्रित झालेली फीत देशाबाहेर निसटली आणि क्यूबामध्ये तिची जुळणी झाली. म्युलर मायदेशीच राहिले. नोव्हेंबर १९७४ मध्ये त्यांना अटक झाली. त्यानंतर ते घरी परतले नाहीत.