टिळक, नारायण वामन

(६ डिसेंबर १८६१–९ मे १९१९). मराठी ख्रिस्ती कवी, धर्मोपदेशक व सातारा येथील ‘देवाचा दरबार’ या भ्रातृमंडळाचे संस्थापक. जन्म रत्नागिरी जिल्ह्यातील करजगाव येथे. १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईस त्यांनी बाप्तिस्मा घेतला. त्यानंतर अहमदनगर येथे अमेरिकन मराठी मिशनमध्ये त्यांनी अध्यापन व धर्मोपदेश केला. १९०४ मध्ये त्यांना पाळकाची दीक्षा मिळाली. ‘ज्ञानोदय’ या पत्राच्या मराठी विभागाचे ते संपादकही होते.

१९१७ मध्ये मिशनची सेवा सोडून टिळक संन्यस्त वृत्तीने साताऱ्यास आले. त्यांच्या धर्मजीवनाचे मर्म या अखेरच्या पर्वात सापडते. स्कॉटलंडमध्ये १५६० च्या धर्मसुधारणेनंतर काही बिशपांनी आपले पद राखून सुधारित चर्चचे कार्य पत्करले. टिळकांनी उलट श्रद्धा राखली व पद टाकले. त्यांचा विरोध ख्रिस्ती सिद्धांताला नव्हता. परकीय मिशनचे वर्चस्व, पगारी धर्मसेवा आणि उपासनेचा पाश्चात्त्य साचा यांना होता. तुकारामांच्या सेतूवरून आपण ख्रिस्ताकडे आलो, अशी त्यांची धारणा होती. त्यामुळे अभंग, ओवी व कीर्तन ही त्यांच्या दृष्टीने प्रचाराची साधने नसून श्रद्धेची स्वभाषा होती. ‘अभंगांजली’तील आर्त भक्तिभाव याची साक्ष देतो.

दरबारात बाप्तिस्मा घेतलेल्या व न घेतलेल्या ख्रिस्तभक्तांना सारखेच स्थान होते. हा विचार त्या काळी धाडसी होता. पण दरबाराचे दौर्बल्यही त्यातच होते. बाप्तिस्म्याची सीमारेषा पुसल्यावर मंडळास एकत्र ठेवील अशी दुसरी व्यवस्था उभी राहिली नाही. गुरुशिष्यभावावर आधारलेली ही संस्था टिळकांच्या व्यक्तिमत्त्वावरच विसंबून होती आणि त्यांना पुढे जेमतेम दोन वर्षे लाभली. शिवाय त्यांच्या विरक्तीचा भार कुटुंबास सोसावा लागला. लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’ (१९३४–३७) तो भार नर्मविनोदाने, परंतु काहीही न लपविता सांगतात. टिळकांच्या त्यागाचे मूल्यमापन करताना ही बाजू वगळता येत नाही.

संस्था म्हणून दरबार टिकला नाही; प्रेरणा म्हणून मात्र तो टिकला. टिळकांचे इंग्रज चरित्रकार जे. सी. विन्स्लो यांनी १९२२ मध्ये स्थापन केलेल्या ख्रिस्त सेवा संघावर भारतीय आश्रमजीवनाचा ठसा दिसतो. टिळकांचे अपुरे ‘ख्रिस्तायन’ लक्ष्मीबाईंनी पूर्ण केले. त्यांची भजने मराठी ख्रिस्ती उपासनेत रूढ झाली. टिळकांचे मुंबईस निधन झाले. त्यांच्या इच्छेनुसार देहाचे दहन करून अस्थी अहमदनगर येथे ख्रिस्ती दफनभूमीत पुरण्यात आल्या. ख्रिस्ती होण्यासाठी मराठी परंपरा सोडावी लागत नाही, हा त्यांच्या जीवनाचा सिद्धांत होता. संघटनेपेक्षा काव्यातच तो अधिक पूर्णपणे सिद्ध झाला.