बोली, प्रमाणभाषा आणि दफनभूमी : मार्टिन ओ काइन यांच्या 'क्रे ना किल्ये' या आयरिश कादंबरीचा विचार

प्रस्तावना

आयर्लंडच्या वाङ्मयाशी आपला परिचय झाला तो प्रामुख्याने इंग्रजीतून. येट्स, सिंग, जॉइस ही नावे आपल्या अभ्यासक्रमांतून रुळली. परंतु आयरिश भाषेत, म्हणजे त्या देशाच्या मूळ केल्टिक भाषेत, लिहिले गेलेले वाङ्मय आपल्याकडे जवळजवळ अपरिचितच राहिले. या भाषेतील सर्वश्रेष्ठ गद्यकृतींत जिची गणना होते, ती मार्टिन ओ काइन (१९०६–१९७०) यांची 'क्रे ना किल्ये' (दफनभूमीची माती) ही कादंबरी १९४९ साली प्रसिद्ध झाली. बोलीचा समृद्ध खजिना म्हणून तिचा नेहमी गौरव होतो. हा गौरव खरा असला तरी अपुरा आहे, किंबहुना काहीसा दिशाभूल करणारा आहे, असे प्रस्तुत लेखात मांडावयाचे आहे.

बोलीभेदांची पार्श्वभूमी

सुमारे १२०० ते १६५० या काळात आयर्लंड व स्कॉटलंड येथील दरबारी कवींची एक समान वाङ्मयीन भाषा होती. सतराव्या शतकात गेलिक सरदारांची सत्ता मोडली आणि त्या भाषेचा आधार नाहीसा झाला. पुढे १८३१ पासून सुरू झालेल्या राष्ट्रीय शाळांचे माध्यम इंग्रजी होते. १८४५ नंतरच्या महादुष्काळात सुमारे दहा लक्ष माणसे मृत्युमुखी पडली आणि तितकीच देशोधडीला लागली. त्यात पश्चिमेकडील आयरिशभाषक गरिबांची संख्या मोठी होती. मधले प्रदेश इंग्रजीकडे वळल्यामुळे एका बोलीतून दुसरीत हळूहळू नेणारे दुवे तुटले. मन्स्टर, कॉनाख्ट आणि अल्स्टर या तीन बोली आज एकमेकींपासून इतक्या दूर वाटतात, याचे हे एक कारण आहे.

भेदाचे स्वरूप एकदोन उदाहरणांनी स्पष्ट होईल. 'तू कसा आहेस?' हे विचारताना मन्स्टरमध्ये वाक्याचा आरंभ 'कोनस' या शब्दाने होतो, तर कॉनाख्टमध्ये 'केन ख्वी'ने. अल्स्टरची शब्दयोजना या दोहोंहून वेगळी आहे. मन्स्टरमध्ये शब्दाचा आघात पुष्कळदा पुढच्या दीर्घ स्वरावर सरकतो, अन्यत्र तो सामान्यतः पहिल्या अक्षरावर असतो. 'मी आहे' यासाठी मन्स्टरचा भाषक पुरुषवाचक प्रत्यय लावून 'ताइम' असे एकच रूप वापरतो. अन्यत्र साधारणतः क्रियापद व सर्वनाम वेगळे ठेवून 'ता मे' म्हणतात.

लिहावे कोणत्या भाषेत, हा प्रश्न म्हणूनच अटळ होता. मन्स्टरचे पाद्री लेखक पॅडर ओ लेअरे यांनी जुन्या ग्रंथभाषेऐवजी 'लोकांच्या बोलण्या'चा पुरस्कार केला. १९५८ साली शासनाने व्याकरण व लेखन यांचे अधिकृत प्रमाण प्रसिद्ध केले. त्याने कोणतीही एक बोली जशीच्या तशी स्वीकारली नाही, आणि उच्चार तर ठरवलाच नाही.

कादंबरीतील भाषा

ओ काइन यांचा जन्म कॉनमारातील कोश आरिगे या किनारपट्टीवरचा. ते शिक्षक होते. राजकीय कारणांवरून नोकरी गेली आणि दुसऱ्या महायुद्धाच्या काळात त्यांना स्थानबद्धता भोगावी लागली. कादंबरीतील सर्व पात्रे मृत आहेत व जमिनीखाली बोलत आहेत. नुकतीच पुरलेली कत्रीना फाजीन हिची पहिली चिंता अशी, की आपल्याला एक पौंडाच्या जागेत पुरले की पंधरा शिलिंगांच्या? जिवंत बहीण नेल हिच्याविषयीचा मत्सर, अमेरिकेतील बहिणीच्या मृत्युपत्राची आशा आणि थडग्यावरील क्रुसाची हाव मृत्यूनंतरही तिची पाठ सोडत नाहीत. वरच्या जगाची वार्ता कळते ती फक्त नवे प्रेत आले म्हणजे.

या रचनेत निवेदक नाही. दहा 'अंतराल' जवळजवळ संपूर्णपणे संवादांचे आहेत आणि बोलणाऱ्याचे नावही दिलेले नाही. वाचकाने पात्र ओळखायचे ते त्याच्या बोलण्याच्या लकबीवरून. मराठी ग्रामीण कादंबरीत निवेदन प्रमाणभाषेत व संवाद बोलीत ही विभागणी दीर्घकाळ रूढ होती. तीत निवेदक नकळत पात्रांच्या वरच्या पायरीवर उभा राहतो. ओ काइन यांनी ती पायरीच काढून टाकली. भारदस्त, अलंकृत भाषा येथे आहे. पण ती 'दफनभूमीचा कर्णा' या एका आवाजाची आहे. तो आपल्याकडे लक्ष देण्याची आज्ञा करतो आणि मृतांचे भांडण मात्र तसेच चालू राहते.

म्हणूनच 'बोलीचा खजिना' हे वर्णन कमी पडते. खजिना जपून ठेवायचा असतो. येथे बोली शिव्याशाप देण्यासाठी, टोमणे मारण्यासाठी, जुनी उणीदुणी काढण्यासाठी अक्षरशः उधळली जाते. तिची श्रीमंती संग्राहकाच्या कौतुकावर अवलंबून नाही.

एक आक्षेप

इतक्या स्थानिक भाषेत लिहिलेली कृती अन्य बोलींच्या आयरिश वाचकालाही कठीण जाते, हा आक्षेप रास्त आहे. इंग्रजी अनुवाद ग्रंथरूपाने यायला २०१५ साल उजाडले, यामागे ही अडचणही असावी. परंतु यावरून प्रमाणभाषा व बोली यांचे वैर सिद्ध होत नाही. याच किनारपट्टीच्या बोलीचा ध्वनिविचार तोमास द वाल्द्रहे यांनी १९४५ साली ग्रंथरूपाने मांडला आणि त्यांनीच पुढे संपादित केलेला इंग्रजी–आयरिश कोश १९५९ साली निघाला. कायदा, कोश, पाठ्यपुस्तक यांना प्रमाण हवेच. परंतु भांडायला लागणारी भाषा समिती देऊ शकत नाही, ती घरातूनच मिळते.

समारोप

२००७ साली आयरिश ही युरोपीय संघाची अधिकृत भाषा झाली आणि २०२२ पासून तिला तेथे पूर्ण दर्जा मिळाला. त्याच २०२२ च्या आयर्लंडच्या जनगणनेत शिक्षणाबाहेर रोज आयरिश बोलणारे सुमारे ७२ हजार आढळले. त्यांपैकी गेल्टाख्ट म्हणून ओळखल्या जाणाऱ्या आयरिशभाषक भागांत राहणारे केवळ २० हजारांच्या आसपास. दर्जा वाढत असताना बोलीचा पाया आकसत आहे. या पार्श्वभूमीवर कादंबरीची मूळ कल्पना निव्वळ विनोदी राहत नाही. तिच्या दफनभूमीत शब्दांची वाण नाही, वक्त्यांचीही नाही; वाण आहे ती ऐकून पुढे बोलणाऱ्या मुलांची. मृतांची संख्या वाढते, पण तेथे कुणी जन्माला येत नाही. बोलीचे जतन म्हणजे शब्दांचा संग्रह, असे मानणाऱ्या प्रत्येक अभ्यासकाला हा इशारा आहे, आणि या कादंबरीचे महत्त्व मुख्यतः त्यात आहे.