जोसे कारकून आणि आमचा एक जून

माझ्या बापाच्या शाळेच्या दाखल्यावर जन्मतारीख एक जून. शेजारच्या काकाची एक जून. मिलमध्ये माझ्यानंतरच्या पाळीला जो साचा धरतो, त्याच्या बापाचीपण एक जूनच. एका दिवशी एवढी पोरं जन्मली कशी? जन्मली नाहीत. जूनमध्ये शाळा उघडायची. मास्तर विचारायचा, पोर कधीचं? आई सांगायची, आवणीच्या वेळचं, लई पाऊस झाला त्या साली. मास्तर एक जून लिहून मोकळा. आमच्या आईबापांचा काळ असा टाकाच्या एका फटक्यात तयार झाला.

हे आठवलं ते जोसे सारामागोची 'ऑल द नेम्स' वाचताना. पोर्तुगीजमध्ये १९९७ ला आली, इंग्रजीत १९९९ ला. आपल्या वरच्या अंगाचं दमण १९६१ पर्यंत ज्यांच्या ताब्यात होतं, त्या पोर्तुगालचा हा लेखक. भूमिहीन शेतमजुराचं पोर, काही दिवस मोटार मेकॅनिक. १९९८ ला नोबेल मिळालं. पण त्याचं 'सारामागो' हे नाव मुळात आडनावच नाही. ती रानभाजी. गावात त्या घराला चिडवायचं नाव. जन्म नोंदवणाऱ्या कारकुनानं ते ठोकून दिलं, आणि पोरगं सातव्या वर्षी शाळेत गेलं तेव्हा घरच्यांना कळलं. जन्म १६ नोव्हेंबर १९२२ चा, कागदावर १८. बापाला नोंदीला उशीर झाला होता, दंड वाचवायचा होता. म्हणजे हा आपल्यातलाच, एक जूनवाला.

कादंबरीत एक मोठी नोंदणी कचेरी आहे. सगळ्यांचे जन्म, लग्नं, मरणं तिथं. पुढं आठ कारकून, मागं चार वरिष्ठ, त्यांच्यामागं दोन उपप्रमुख, आणि शेवटी एकटा साहेब. जेवढं वर तेवढं काम कमी. चार पायऱ्या! चातुर्वर्ण्य पोर्तुगालातपण पोचलं म्हणायचं. मेलेल्यांची कपाटं मागच्या अंधारात. तिथं एक माणूस आठवडाभर हरवला, तेव्हापासून आत जाताना पायाला दोरी बांधायचा हुकूम. ही वर्णनं फर्स्ट क्लास आहेत. कचेरी आतून माहीत असल्याशिवाय असं लिहिता येत नाही.

तिथला साधा कारकून सेन्योर जोसे. पन्नाशीचा, एकटा. एका अनोळखी बाईचं कार्ड त्याच्या हाती लागतं आणि हा तिचा माग काढत सुटतो. शाळेत रात्री घुसतो, खोटी अधिकारपत्रं करतो. शेवटी कळतं, बाई मेली. तेव्हा साहेबच सुचवतो : तिचं नवं कार्ड कर, मरणाची तारीख टाकू नको. मेलेले आणि जिवंत एकाच ठिकाणी राहू देत.

शहरी वाचकाला इथं गहिवरून येईल. मलाही जरा आलं. पण माझं भांडण इथंच आहे. टेबलाच्या अलीकडं जो उभा असतो तो या कादंबरीत जवळजवळ नाहीच. दुःख सगळं कारकुनाचं. रांगेतल्याचं काय?

मी धाकटी डहाणूला राहतो. इथल्या बोटी भरती बघून सुटतात, भरती कुणी रजिस्टरात फिरवू शकत नाही. बोईसरकडच्या मिलमध्ये पंचिंगचं घड्याळ. आणि कचेरीत तिसराच काळ. जातीच्या दाखल्यासाठी गेलो तर टेबलावरचा म्हणाला, १० ऑगस्ट १९५० च्या आधीचा पुरावा आण. आज्जा शाळेत गेलाच नव्हता. चार महिने फिरलो. शेवटी चुलतआज्ज्याची शाळेतली नोंद मिळाली. रकान्यात दोन शब्द : हिंदू महार.

मित्रांनो, १४ ऑक्टोबर १९५६ ला बाबासाहेबांमागं आपल्या माणसांनी जे टाकून दिलं, ते शोधायला कचेरीनं मला सहा वर्षं आणखी मागं पिटाळलं. आणि सापडलं तेव्हा मी खूश झालो. नोंद बघून उडालोच. रात्री पाळीवर साच्यापुढं उभा राहिलो तेव्हा त्या खुशीची लाज वाटली. बौद्धांना अनुसूचित जातीत धरायचा केंद्राचा कायदा १९९० ला झाला, तरी पुरावा जुन्याच नावाचा. सारामागोच्या साहेबाला मरणाची तारीख पुसता येते. आम्हाला आमची जात पुसून आलेला आज्जा कागदावर परत जातीत बसवावा लागतो.

आणि जो साहेब मायेनं तारीख पुसतो, तो पैसे घेऊन घालू पण शकतो. आझमगडच्या लाल बिहारीला नातेवाइकांनी जमिनीसाठी कागदावर मारलं. १९७५ ते १९९४ हा माणूस जिवंतपणी मेलेला होता. त्यानं नावापुढं 'मृतक' लावलं, अशाच लोकांचा मृतक संघ काढला. माझ्या मते सेन्योर जोसेपेक्षा मोठा नायक हा.

तलासरीकडच्या वारल्यांपुढं १३ डिसेंबर २००५ ची रेघ आहे. त्याआधीपासून जमीन कसत होता हे दाखव, असं वनहक्क कायदा म्हणतो. पण त्याच्या नियमांत म्हाताऱ्याकोताऱ्यांचं लिहून घेतलेलं सांगणंसुद्धा पुरावा धरलंय. मोठा पाऊस झाला त्या साली, हे बोलणं तिथं निदान टेबलावर ठेवता येतं.

तरी पुस्तक वाचाच. इंग्रजी जड आहे, पठ्ठ्या पूर्णविराम देत नाही, कोण बोलतोय कळत नाही. मला तीन महिने लागले. प्रत माझ्याकडं आहे. रविवारी सुट्टी असते, घेऊन येतो, दोघंतिघं मिळून वाचू.