शालेय नोंदीचे प्रामाण्य आणि विद्यार्थ्याचा अधिकार

विद्यार्थ्यांच्या नोंदींचे जतन हा विषय शिक्षणविषयक विवेचनात बहुधा कारकुनी कामाच्या सदरात टाकला जातो. रजिस्टर कपाटात आहे, कपाटाला कुलूप आहे आणि किल्ली मुख्याध्यापकांकडे आहे, एवढ्याने जबाबदारी पार पडली असे मानण्याची रूढी आहे. पुढे कपाटाची जागा संगणकाने आणि किल्लीची जागा सांकेतिक शब्दाने घेतली. कल्पना मात्र तीच राहिली. या कल्पनेत नोंद ही संस्थेची मालमत्ता ठरते, आणि ज्याचे आयुष्य त्या नोंदीमुळे घडते वा अडते, त्या विद्यार्थ्याचा तिच्याशी संबंध काय, हा प्रश्न अनुत्तरित राहतो.

शाळेच्या जनरल रजिस्टराकडे दस्तऐवज म्हणून पाहिले, तर त्याचे बळ त्याच्या रचनेत आहे असे दिसते. प्रवेश घेणाऱ्या प्रत्येक मुलास क्रमाने एक क्रमांक मिळतो. त्यापुढे नाव, जात, जन्मस्थान, जन्मतारीख, पूर्वीची शाळा आणि कालांतराने शाळा सोडल्याची तारीख व कारण लिहिले जाते. मागाहून एखादे नाव घुसवले, तर शाई, अक्षर आणि क्रम ही तिन्ही त्याविरुद्ध साक्ष देतात. साताऱ्याच्या तत्कालीन सरकारी हायस्कुलाच्या, म्हणजे आजच्या प्रतापसिंह हायस्कूलच्या रजिस्टरात १९१४ या क्रमांकापुढे ‘भिवा रामजी आंबेडकर’ हे नाव आढळते. प्रवेशाचा तो दिवस ७ नोव्हेंबर १९०० हा होय. महाराष्ट्र शासनाने २०१७ पासून तो विद्यार्थी दिवस म्हणून पाळण्यास आरंभ केला. एका मुलाच्या शाळाप्रवेशाची तारीख शतकानंतरही निश्चितपणे सांगता येते, ती क्रमाने लिहिलेली एक ओळ टिकून राहिली म्हणून.

परंतु टिकलेली प्रत्येक ओळ खरी असतेच असे नाही. महाराष्ट्रातील जुन्या पिढीत १ जून ही जन्मतारीख असणारी माणसे ठिकठिकाणी भेटतात. जन्माचा दाखला नसलेल्या मुलाला शाळेत घालताना गुरुजींनी वय अंदाजाने ठरविले आणि शालेय वर्षाच्या आरंभाची सोयीची तारीख लिहून टाकली, हे त्याचे सर्वपरिचित कारण. पुढे हीच तारीख नोकरीत कायम झाली. ३१ मे रोजी एकाच वेळी निवृत्त होणाऱ्या कर्मचाऱ्यांची रांग ही त्या अंदाजाची फलश्रुती होय. येथे एक भेद लक्षात घेतला पाहिजे. अमुक दिवशी अमुक माहिती लिहिली गेली, एवढेच रजिस्टर सिद्ध करते. ती माहिती खरी होती, हे त्यावरून आपोआप सिद्ध होत नाही. पहिल्या गोष्टीसाठी जतन लागते, दुसरीसाठी दुरुस्तीचा मार्ग मोकळा असावा लागतो.

जातीच्या नोंदीच्या बाबतीत या प्रश्नाला अधिकच धार येते. जातपडताळणीत अनुसूचित जातींच्या उमेदवारांकडून १० ऑगस्ट १९५० पूर्वीचे व अनुसूचित जमातींच्या उमेदवारांकडून ६ सप्टेंबर १९५० पूर्वीचे पुरावे अपेक्षिले जातात, आणि त्यांत आजोबा-पणजोबांच्या शाळाप्रवेशाच्या नोंदीला मोठे वजन असते. २०२३ मध्ये कुणबी नोंदींच्या शोधासाठी निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती नेमली गेली, तेव्हा महसुली कागदांबरोबर शाळांची जुनी रजिस्टरेही चाळली गेली. ज्याचे पूर्वज शाळेची पायरी चढलेच नाहीत, त्याला हा आधार मुळातच नाही. ज्याच्या गावचे रजिस्टर पुरात वा वाळवीने गेले, त्याचा असलेला आधारही गेला. शाळेने हयगयीने गमावलेल्या पानाची किंमत शाळा देत नाही, ती नातवाला द्यावी लागते.

संगणकामुळे वाळवीचे भय संपले. तथापि एक निराळा दोष शिरला. कागदावर दुरुस्ती करताना मूळ शब्दावर रेघ ओढली जाते, शेजारी सही व तारीख येते, आणि मूळ शब्द रेघेखालूनही वाचता येतो. संगणकात मात्र बदलांचा इतिहास राखण्याची योजना मुद्दाम केलेली नसेल, तर नवा शब्द भरताच जुना नाहीसा होतो. खाडाखोड हे रजिस्टराचे वैगुण्य मानले गेले. वस्तुतः उघड आणि सहीनिशी केलेली खाडाखोड हाच त्याच्या सचोटीचा पुरावा होता. ‘अपार’ या बारा अंकी ओळखक्रमांकाने शाळेपासून विद्यापीठापर्यंतची माहिती एकत्र जोडण्याची योजना असल्यामुळे चूकही आता एका दप्तरात थांबणार नाही, ती विद्यार्थ्याबरोबर सर्वत्र जाईल.

यावर गोपनीयता हा एकच उपाय सुचविला जातो. तो अपुरा आहे. डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायदा, २०२३ यात अठरा वर्षांखालील मुलांच्या माहितीसाठी पालकांची पडताळणीयोग्य संमती आवश्यक ठरविली आहे आणि मुलांच्या वर्तनावर पाळत ठेवण्यास मनाई केली आहे. परंतु नोव्हेंबर २०२५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या नियमांनी बहुतेक तरतुदींच्या अंमलासाठी अठरा महिन्यांचा अवधी ठेवला, आणि शैक्षणिक कार्य व मुलांची सुरक्षितता या कारणांपुरती शिक्षणसंस्थांना अशा पाळतीची मोकळीकही दिली. ‘शैक्षणिक कार्य’ हा शब्द इतका ऐसपैस आहे की त्याच्या आडोशाला पुष्कळ काही साठवता येईल. शिवाय गोपनीयतेच्या नावाखाली खुद्द विद्यार्थ्यालाच दाराबाहेर ठेवण्याची सवय जुनी आहे. स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका माहितीच्या अधिकाराखाली पाहण्याचा परीक्षार्थीचा हक्क सर्वोच्च न्यायालयास २०११ मध्ये स्पष्टपणे मान्य करावा लागला, यावरूनच ती सवय किती मुरलेली होती हे कळते. इतरांपासून जे राखावयाचे, ते ज्याचे त्याच्यापासून राखावयाचे नसते, हे तत्त्व उत्तरपत्रिकेपुरते न राहता प्रत्येक नोंदीस लागू व्हावयास हवे.

सर्वच नोंदी सारख्या काळ टिकाव्यात, असेही नाही. नाव, जन्मतारीख, प्रवेश व परीक्षेचा निकाल यांची नोंद पिढ्यान् पिढ्या लागते. शाळा सोडल्याच्या दाखल्यावरील ‘वर्तणूक’ या रकान्यात मात्र गुरुजी बहुधा ‘चांगली’ एवढेच लिहीत आले. त्या ठरीव शब्दात औपचारिकता होती, तसे शहाणपणही होते: बाराव्या वर्षीचा खोडकरपणा पस्तिसाव्या वर्षी कोणी वाचू नये. संगणकाला असा विसर आपोआप पडत नाही; तो नियमाने घडवावा लागतो. काय राखावे, काय पुसावे आणि दुरुस्तीची खूण कशी उघड ठेवावी, हे ठरविताना ज्याची नोंद आहे त्याला विचारले जाते की नाही, यावरच संस्थेच्या दप्तराची खरी परीक्षा व्हावी.