लेखकाचा मुकादम कुठे आहे?

'दलाल' हा शब्द आपल्याकडे शिवीसारखा वापरतात. म्हणूनच 'लिटररी एजंट' म्हटले की आपले लेखक नाक मुरडतात. आमच्या पाटसला साखर कारखान्यामुळे ऊसतोडीचा मुकादम सर्वांच्या परिचयाचा. तो टोळी आणतो, उचल वाटतो, कमिशन घेतो. पण कमिशन देतो कारखाना. एजंटाचे उलट आहे. लेखकाला पैसे मिळाले तरच त्यातले साधारण १५ टक्के त्याचे. त्यामुळे करार तपासणे, अनुवादाचे हक्क राखणे ही कामे तो लेखकाच्या बाजूने करतो.

२०२५ साली बानू मुश्ताक यांच्या 'हार्ट लॅम्प'ला आंतरराष्ट्रीय बुकर मिळाले. हासनच्या या वकीलबाईंची घरची बोली दखनी, लेखन कन्नड. आठव्या वर्षी त्या कन्नड शाळेत गेल्या, हे आम्हा उर्दू माध्यमाच्या शिक्षकांनी विसरू नये. १९९० ते २०२३ या काळातल्या या १२ कथा. दीपा भास्ती यांनी त्या इंग्रजीत आणल्या. एजंट होते कनिष्क गुप्ता. २०२२ च्या बुकरविजेत्या गीतांजली श्री यांचे एजंटही तेच. गुण कथांचाच, यात शंका नाही. पण त्यांतल्या कित्येक कथा वर्षानुवर्षे कन्नडमध्ये होत्याच की!

मराठीत हमीद दलवाईंची 'इंधन' (१९६५) इंग्रजीत गेली, ती दिलीप चित्रे यांच्यासारखा कवी मित्र लाभला म्हणून. १९९० मध्ये सोलापूरला पहिले मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरले. पुढे लिहिणारे वाढले. सगळ्यांना चित्रे कुठून मिळणार? आणि एजंट तरी का येईल? २०० रुपयांच्या १००० प्रती संपल्या, मानधन १० टक्के धरले, तर लेखकाला २०,००० रुपये. एजंटाच्या वाट्याला ३,०००. इथे तर नव्या लेखकाकडेच छपाईचा खर्च मागितला जातो.

एजंट आला म्हणजे सगळे भले होईल असेही नाही. त्याची नजर बाजारावर. मुसलमानाचे घर म्हटले की बाजाराला तलाक, बुरखा, दंगल हवी. बानूबाईंच्या कथांत मशीद आहे, मुतवल्ली आहे, बाईचे हाल आहेत. पण खट्याळ हसूही आहे, आणि आमच्या मते त्यांची खरी ताकद तिथेच आहे. मराठीतल्या आत्तार, पिंजारी, तांबोळी घरांतले असे हसू विकायला कोणता एजंट निघेल? दलवाईंसाठी चित्रे आले ते हिशेब करून नव्हे.

तोवर आपल्या लेखकांनी निदान करारातली अनुवादहक्काची ओळ वाचून सही करावी. पुष्कळांकडे तर करारच नसतो.