स्मृती, संज्ञा आणि सीमारेषा

११ मे १९९८ रोजी, बुद्धपौर्णिमेच्या दिवशी, पोखरण येथे अणुचाचण्या झाल्या. त्यांना कलेतून उत्तर म्हणून मुंबईच्या चित्रकर्त्री नलिनी मलानी यांनी 'रिमेंबरिंग टोबा टेक सिंग' ही व्हिडिओ-कलाकृती रचली. मलानी यांचा जन्म १९४६ साली कराचीत झाला; फाळणीचे विस्थापन त्यांच्या कुटुंबाने भोगले. कृतीला आधार सआदत हसन मंटो यांच्या कथेचा आहे. वेड्यांचीही वाटणी होते आणि बिशनसिंग दोन सीमांमधल्या जमिनीवर कोसळतो.

या मांडणीत पत्र्याच्या ट्रंकांतील पडद्यांवर विस्थापितांची चित्रे हलतात, भिंतींवर अणुस्फोट उसळतात. समोरासमोरच्या भिंतींवर दोन स्त्रिया एकच साडी घडी करू पाहतात. प्रेक्षक त्यांच्या मधोमध उभा असतो.

धम्मात संज्ञा म्हणजे ओळखणे, नाव लावणे. 'शत्रू' हेही असेच लावलेले नाव होय. कोणती स्त्री कोणत्या देशाची, हे ठरविण्याआधीच येथे तिचे दुःख दिसते. नाव लावण्याची घाई थांबते आणि स्मृती सूडाकडे न जाता जागृतीकडे वळते. या कृतीचे खरे सामर्थ्य आम्हांस यातच दिसते.

तथापि एक उणीव नोंदविणे आम्हांस भाग आहे. तीच दृश्ये फिरून फिरून येतात, तेव्हा दुःख अटळ नियतीसारखे भासू लागते. बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात सिद्धार्थाच्या गृहत्यागाचे कारण रोहिणी नदीच्या पाण्यावरून शाक्य-कोलियांत पेटलेल्या वादात शोधले. सिद्धार्थाने युद्धास विरोध केला आणि परिव्रज्या पत्करली. दुःखाला मनुष्यकृत कारण असते, म्हणूनच त्याचे निवारणही शक्य असते. हे दुसरे पाऊल या कृतीत अस्पष्ट राहते.

हिंगोलीच्या वाचकांना ती ट्रंक परकी वाटू नये. १९७८ साली, हिंगोली परभणी जिल्ह्यात असताना, नामांतराच्या प्रश्नावरून मराठवाड्यात दलित वस्त्या जाळल्या गेल्या आणि अनेक कुटुंबांना गाव सोडावे लागले. ते दिवस पाहिलेली माणसे आता वृद्ध झाली आहेत. विहाराविहारांतून त्यांच्या आठवणी त्यांच्याच मुखाने चित्रित व्हाव्यात. मात्र त्या चित्रणात आगीबरोबर आग लावणारी व्यवस्थाही दिसावी, अशी आमची अपेक्षा आहे.